जुन्या स्मार्टफोनावर कार्यप्रणाली नव्याने बसविणे

अलीकडे आमच्या सभासद बंधूंकडून एकाच आशयाची विचारणा वारंवार होऊ लागली आहे. फोन पाच-सहा वर्षांपूर्वी घेतला तेव्हा उत्तम चालत असे. हल्ली तो घडोघडी अडतो, पीक पाहणीचे ॲप उघडावयास जावे तो मध्येच बंद पडते, छायाचित्र घेताना पडदा गोठून राहतो. सीताबर्डीस नेऊन दाखविला तर दुकानदार म्हणतो, "सॉफ्टवेअर मारावे लागेल." हे सॉफ्टवेअर मारणे म्हणजे नेमके काय, त्यात आपले जाते काय व राहते काय, आणि ते करून घ्यावे की नवा फोन घ्यावा, असा तो प्रश्न असतो. प्रत्येकास निरनिराळे उत्तर धाडणे शक्य नसल्याने त्या विषयाची माहिती येथे एकत्र देत आहोत.

शेतीच्या मासिकात हा विषय कशास, अशी शंका ज्यांस येईल त्यांनी आपला सात-बारा काढून पाहावा. त्यातील गाव नमुना बारा, म्हणजे पिकांची नोंदवही, पूर्वी तलाठ्याच्या हाती असे. त्यास आपल्या नागपूरकडील वडील मंडळी अजून पटवारीच म्हणतात, व २०२४ साली सरकाराने त्याचे पदनाम बदलून ग्राम महसूल अधिकारी असे केले आहे. १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर ई-पीक पाहणी सुरू झाली, आणि पिकाची नोंद प्रथम करण्याचे काम खातेदाराच्या स्वतःच्या फोनावर आले. शेतात उभे राहून पिकाचे छायाचित्र घ्यावयाचे, त्या जागेचे अक्षांश-रेखांश फोनाने त्यास जोडावयाचे, व ती नोंद वर पाठवावयाची, अशी ही रीत आहे. कापूस, सोयाबीन किंवा तूर घेऊन आधारभूत किमतीच्या खरेदी केंद्रावर जाणाऱ्यास प्रथम याच नोंदीची विचारणा होते. पीक विमा व अतिवृष्टीची मदत यांतही ती पुढे येते. आम्ही महसूल खात्यात कारकुनी केली. त्या काळी कागद हरवला म्हणजे रेकॉर्डाच्या खोलीत दोन दिवस धूळ खाऊन तो धुंडाळता तरी येत असे. परंतु फोन ऐन वेळी बंद पडल्यामुळे जी नोंद मुळी झालीच नाही, ती धुंडाळावयाची कोठे? सबब डवरा-वखराप्रमाणे फोन हेही आता शेतीचे एक अवजार झाले आहे, व अवजाराची डागडुजी कशी होते हे मालकास ठाऊक असलेले बरे.

फोनात तीन थर असतात असे समजावे. सर्वांत खाली प्रत्यक्ष यंत्र, म्हणजे पडदा, कॅमेरा, स्मृती, बॅटरी व मनोऱ्याशी बोलणारा रेडिओ. सर्वांत वर आपण वापरतो ती ॲपे. या दोहोंच्या मध्ये जी व्यवस्था असते तिला कार्यप्रणाली म्हणतात. ऑपरेटिंग सिस्टिम ती हीच. तहसील कचेरीत अर्जदारास परस्पर रेकॉर्डाच्या खोलीत शिरता येत नाही, त्याने खिडकीवर अर्ज द्यावा व कारकुनाने कागद काढून आणावा, तसेच येथे आहे. पीक पाहणीच्या ॲपास कॅमेरा हवा असेल तर ते कार्यप्रणालीकडे मागते, आणि आपण परवानगी दिली असल्यास ती तो त्यास देते. कचेरीतील दप्तर विस्कटले म्हणजे अर्जदार कितीही शहाणा असला तरी त्याचे काम अडते. त्याप्रमाणे कार्यप्रणाली बिघडली म्हणजे चांगले ॲपही चालत नाही.

आपल्याकडील बहुतेक फोनांवर अँड्रॉइड नावाची प्रणाली असते. ती घडविणारी कंपनी गूगलने २००५ साली विकत घेतली, व तिच्यावर चालणारा पहिला फोन २००८ साली बाजारात आला. तिचा गाभा लिनक्स या मुक्त प्रणालीचा असून बहुतांश मजकूर कोणासही घेऊन बदलता येईल असा खुला ठेवलेला आहे. प्रत्येक फोन-कारखानदार तो घेतो, आपल्या यंत्रास जुळेल असा बदलतो, वर आपला रंग चढवितो व फोनात भरतो. यामुळे दुरुस्तीची नवी आवृत्ती गूगलने काढली तरी ती थेट आपल्या हाती येत नाही. ती आधी चिप बनविणाऱ्याकडे, मग फोन-कारखानदाराकडे, आणि त्याने मनावर घेतले तर आपल्याकडे येते. पेंच कालव्याच्या टेलच्या शेतकऱ्यास हे अधिक समजावून सांगावयास नको. वरच्याने दार लावले की खालच्याची चारी कोरडी. स्वस्त फोनांस दोन-तीन वर्षांनंतर नवी आवृत्ती मिळेनाशी होण्याचा पुष्कळ वर्षांचा परिपाठ आहे. गूगलने २०२३ मध्ये व सॅमसंगने २०२४ च्या आरंभी आपल्या काही महागड्या फोनांस सात वर्षे दुरुस्त्या देण्याचे वचन दिले, परंतु जुन्या फोनांस त्याचा उपयोग नाही. उलट वरची मंडळी जुन्या आवृत्त्यांचा आधार काढूनही घेतात: २०१३ साली निघालेल्या ४.४ क्रमांकाच्या, किटकॅट नावाच्या आवृत्तीस गूगलने आपल्या प्ले सेवांच्या नव्या दुरुस्त्या देणे ऑगस्ट २०२३ मध्ये बंद केले. म्हणून फोन अडतो त्याची कारणे दोन असू शकतात. एक, प्रणाली बिघडली आहे. दुसरे, प्रणाली धड आहे परंतु इतकी जुनी आहे की नवी ॲपे तिच्यावर बसत नाहीत. या दोहोंचे उपाय निरनिराळे आहेत, आणि दुकानदार ते सहसा वेगळे करून सांगत नाही.

आता फोनाच्या पोटात थोडे डोकावू. त्यातील कायमची स्मृती हे एक शिवार समजा. कारखान्यातच त्याची मोजणी होऊन गट पाडलेले असतात, व कोणता गट कोठून कोठपर्यंत याचा तक्ता त्याच स्मृतीच्या आरंभी लिहिलेला असतो. एका गटात कार्यप्रणाली असते. त्यात आपणांस एरवी काही लिहिता येत नाही. दुसऱ्या, सर्वांत मोठ्या गटात आपला माल असतो: छायाचित्रे, निरोप, उतरविलेली ॲपे. एक लहान गट रिकव्हरी नावाचा आहे. मुख्य प्रणाली उठेनाशी झाली म्हणजे तेथून डागडुजी करता येते. याशिवाय अगदी चिमुकले असे एक-दोन गट असतात, ज्यांत त्या फोनाचा पंधरा अंकी आयएमईआय क्रमांक व रेडिओच्या जुळणीची माहिती असते. हे शेवटचे गट म्हणजे शिवारातील हद्दीचे दगड होत. ते हलले तर सर्वच हलले. त्यांच्याविषयी पुढे लिहू.

कोणताही मोठा उपाय करण्यापूर्वी पुष्कळदा साध्या झाडलोटीनेच काम भागते, हे आम्ही आग्रहाने सांगतो. बत्तीस जीबीच्या फोनात अठ्ठावीस जीबी सुप्रभात व सणावारांच्या शुभेच्छांची चित्रे भरून ठेवल्यावर तो अडला नाही तरच नवल. जागा अगदी भरली म्हणजे या स्मृतीस नवे लिहिताना जुने हलवीत बसावे लागते व फोन मंदावतो. सबब निदान दहावा हिस्सा मोकळा ठेवावा. त्यानंतर एक चाचणी करून पाहावी. बऱ्याच फोनांत बंद करण्याचे बटण दाबून पडद्यावर येणाऱ्या "पॉवर ऑफ" या शब्दांवर बोट दाबून धरले असता सेफ मोड मिळतो, त्यात कारखान्याने दिलेली ॲपे तेवढी चालतात. या अवस्थेत फोन सुरळीत चालला तर दोष आपण मागाहून घातलेल्या एखाद्या ॲपाचा आहे. ते काढून टाकले की झाले, प्रणालीस हात लावण्याचे कारण नाही. बॅटरी फुगून पाठ उचलली असेल, किंवा फोन पाण्यात पडून गेला असेल, तर नवी प्रणाली बसवून तो सुधारेल ही आशाच सोडावी. आणि दोन जीबी रॅमचा फोन कितीही नवी प्रणाली घातली तरी दोन जीबीचाच राहतो. एकराचा सव्वा एकर मोजणीने होत नाही.

झाडलोटीने भागले नाही तर पुढची पायरी फॅक्टरी रीसेट ही होय. हिलाच पुष्कळ लोक प्रणाली नव्याने बसविणे समजतात. ते बरोबर नाही. यात आपल्या मालाचा गट तेवढा साफ होतो, प्रणालीचा गट जसा होता तसाच राहतो. उभे पीक उपटून रान मोकळे करावे, पण बांध, विहीर व जमिनीची प्रत तीच राहावी, तसे हे आहे. मागाहून घातलेल्या ॲपांनी व साठलेल्या कचऱ्याने झालेला बिघाड याने जातो. प्रणालीच मुळात विस्कटली असेल तर जात नाही, आणि आवृत्ती जुनी असेल तर ती जुनीच राहते. आमच्या पाहण्यात आलेल्या बहुतेक फोनांस एवढीच पायरी पुरली आहे. दुकानात सॉफ्टवेअर मारले म्हणून जे पैसे घेतात, त्यातही कित्येकदा एवढेच केलेले असते.

परंतु ही पायरी सोपी असली तरी तिच्यात आपला माल खरोखर जातो, आणि तो परत येत नाही. अँड्रॉइडच्या नव्या आवृत्त्या मालाचा गट सांकेतिक लिपीत लिहितात, व रीसेट होताना तिची किल्लीच नष्ट होते; मग शहरातील कोणताही कारागीर ती छायाचित्रे काढून देऊ शकत नाही. म्हणून आधी काय करावयाचे ते नीट ध्यानात घ्यावे. दूरध्वनी क्रमांक सिमवर आहेत, फोनात आहेत की गूगल खात्यात आहेत हे उघडून पाहावे. फोनातच असले तर खात्यात चढवावे. छायाचित्रे संगणकावर किंवा मेमरी कार्डावर उतरवून, ती तेथे उघडतात हे डोळ्यांनी पाहावे. येथे एक सूक्ष्म गोष्ट आहे. काही फोनांत कार्ड घालताना ते फोनाचीच अंतर्गत स्मृती म्हणून वापरण्याची सोय असते, व पुष्कळांनी जागा वाढते म्हणून ती स्वीकारलेली असते. असे कार्ड त्या फोनाशिवाय अन्यत्र वाचता येत नाही, आणि रीसेटनंतर त्या फोनासही वाचता येत नाही. त्यावर काढून ठेवलेला माल म्हणजे पेवात ठेवून पेवाची जागा विसरल्यासारखे होय. कोणत्याही ॲपात जी माहिती भरली पण शेतात नेटवर्क नसल्यामुळे वर गेली नाही, ती प्रथम वर पाठवावी. पिकाची नोंद अशा रीतीने अर्धवट राहिलेली असू शकते.

सर्वांत अधिक घोटाळा गूगल खात्याच्या परवलीच्या शब्दाने होतो. अँड्रॉइडच्या ५.१ या आवृत्तीपासून, म्हणजे २०१५ पासून, चोरीस आळा बसावा म्हणून अशी योजना केलेली आहे की फोन बाहेरून, रिकव्हरीच्या वाटेने, साफ केला तर उठल्यावर तो पूर्वीचेच खाते व परवलीचा शब्द मागतो. योजना चांगली आहे. परंतु खेड्यात फोन घेतला तेव्हा ते खाते दुकानदाराने किंवा शहरात शिकणाऱ्या भाच्याने उघडून दिलेले असते, आणि शब्द कोणासच आठवत नाही. मग स्वतःच्या फोनापुढे मालक चोर ठरतो. यास्तव रीसेट करण्यापूर्वी, फोन चालू आहे तोवरच, सेटिंगमध्ये जाऊन कोणते खाते आहे ते पाहावे, परवलीचा शब्द नवा ठरवून घरच्या वहीत लिहून ठेवावा, आणि मग सेटिंगच्याच वाटेने रीसेट करावा. वहीत लिहू नये असे सुशिक्षित मंडळी म्हणतात. आमचे मत निराळे आहे. शेतकऱ्याच्या घरी कपाटातील वहीपर्यंत चोर पोहोचला तर तो परवलीचा शब्द घेऊन जाणार नाही.

यानेही काम झाले नाही, फोन कंपनीचे चिन्ह दाखवून तेथेच थांबतो किंवा पुनःपुन्हा आपोआप बंद-चालू होतो, अशी अवस्था असेल, तर प्रणालीचा गटच नव्याने लिहिणे प्राप्त होते. खऱ्या अर्थाने प्रणाली बसविणे ते हेच. याकरिता कारखानदाराने त्या फोनासाठी काढलेली प्रणालीची फाइल, ती भरावयाचे साधन असलेला संगणक व माहिती वाहून नेणारी चांगली केबल लागते. नुसत्या चार्जिंगच्या केबलीने हे होत नाही. निरनिराळ्या कारखान्यांच्या चाली निरनिराळ्या आहेत. मोटोरोलाने यासाठी ग्राहकासच देण्याजोगे साधन काढले आहे, ते फोन ओळखून योग्य फाइल स्वतः आणते. सॅमसंगच्या फोनांत डाउनलोड मोड नावाची अवस्था असून कारागीर ओडिन नामक साधनाने फाइल भरतात. श्याओमीच्या फोनांत आवाज कमी करण्याचे बटण व चालू करण्याचे बटण एकत्र दाबून धरले असता फास्टबूट अवस्था येते. संगणकाने या वाटेने प्रणाली लिहावयाची तर तेथे आधी बूटलोडरचे कुलूप उघडावे लागते, व ते उघडताना मालाचा गट साफ होतो.

फाइल कोणती हा यातील प्राणाचा प्रश्न आहे. रेडमी नोट ४ या एकेकाळी फार खपलेल्या फोनाचे उदाहरण घ्या. याच नावाचा फोन चीनमध्ये २०१६ साली निघाला तो मीडियाटेकच्या चिपेवर, आणि भारतात जानेवारी २०१७ मध्ये आला तो स्नॅपड्रॅगन ६२५ या चिपेवर. नाव एक, यंत्रे दोन. एकाची फाइल दुसऱ्यात घातली तर फोन उठत नाही. आपल्या दस्तऐवजांत नुसते गावाचे नाव न लिहिता मौजा, पटवारी हलका नंबर, तहसील व जिल्हा असे सर्व लिहितात, ते एकाच नावाची गावे अनेक असतात म्हणूनच. फोनाचे तसेच आहे. डब्यावरील मोठ्या अक्षरांतील नावावर न जाता सेटिंगमध्ये किंवा पाठीवर असलेला पूर्ण मॉडेल क्रमांक अक्षर न अक्षर जुळवावा.

दुसरी खबरदारी आवृत्तीची. पुष्कळांस वाटते की फोन जुन्या आवृत्तीवर चांगला चालत होता, तेव्हा तीच परत घालावी. कारखानदारास हे चालत नाही, कारण जुन्या आवृत्तीतील भगदाडे चोरास ठाऊक झालेली असतात. म्हणून यंत्रातच एक आकडा नोंदविलेला असतो, व नव्या आवृत्तीने तो वाढविल्यावर त्याखालची आवृत्ती फोन स्वीकारीत नाही. श्याओमीने २०१८ साली रेडमी नोट ५ प्रो आदी फोनांत ही व्यवस्था अमलात आणली, तेव्हा हौसेने मागची आवृत्ती घालू पाहणाऱ्या कित्येकांचे चालते फोन निव्वळ वीट होऊन बसले. फेरफार एकदा प्रमाणित झाल्यावर जुना उतारा दाखवून वहिवाट सांगता येत नाही, तसलाच हा प्रकार.

फाइल खरी की खोटी हे फोन कसे ओळखतो, तेही सांगतो. कारखानदार प्रत्येक फाइलीवर गणिती रीतीने सही करतो. त्या सहीची खूण यंत्रात आधीच कोरलेली असते. फोन चालू होताना पहिला लहानसा कार्यक्रम दुसऱ्याची सही तपासतो, दुसरा तिसऱ्याची, अशी साखळी प्रणालीपर्यंत जाते. बूटलोडर हा या साखळीतील दरवान. कुलूप लावलेले असेल तोवर परकी किंवा खाडाखोड केलेली प्रणाली तो आत येऊ देत नाही. कुलूप उघडले म्हणजे तो सर्वांस वाट देतो, चांगल्यासही व वाइटासही. कुलूप उघडू द्यावे की नाही हेही कारखानदाराच्या मर्जीवर आहे. हुआवेने २०१८ पासून त्याची किल्ली देणे बंद केले. सॅमसंगच्या पुष्कळ फोनांत कुलूप उघडून परकी प्रणाली घातली असता यंत्रातील एक सूक्ष्म तार कायमची जळते, आणि मूळ प्रणाली परत घातली तरी ती खूण जात नाही.

लिहिण्याचे काम काही मिनिटांचेच असते, परंतु त्या मिनिटांत वीज जाता कामा नये. लोडशेडिंगच्या गावी टेबलावरील संगणकापेक्षा बॅटरीचा लॅपटॉप बरा. फोनही निदान निम्म्याच्या वर भरलेला असावा. नागपूरच्या वैशाखात पत्र्याच्या खोलीत, भर दुपारी हे काम काढू नये. तापलेला फोन स्वतःच्या रक्षणार्थ बंद पडतो, आणि नेमका तेव्हा प्रणालीचा गट अर्धा लिहून झालेला असतो.

आता राहिली तिसरी वाट, ती परक्या प्रणालीची. कारखानदाराने सोडून दिलेल्या फोनावर, अँड्रॉइडचा खुला मजकूर घेऊन दुसऱ्या कोणी घडविलेली नवी आवृत्ती बसविणे. याचा इतिहास मनोरंजक आहे. २००९ पासून सायनोजेनमॉड नावाची अशी प्रणाली हौशी मंडळींनी चालविली. त्याच वर्षी गूगलने तीत आपली ॲपे परवानगीवाचून घालण्यास मनाई केली. म्हणून आजतागायत अशा प्रणालीत गूगलची ॲपे वेगळी घालावी लागतात. पुढे यातून कंपनी निघाली, आणि आपल्याकडील मायक्रोमॅक्सने तिच्याशी करार करून यू युरेका नावाचा फोन ८,९९९ रुपयांस जानेवारी २०१५ पासून विकावयास आणला. वनप्लस कंपनीशी त्यावरून दिल्ली उच्च न्यायालयात वादही झाला. इतका गाजावाजा होऊन ३१ डिसेंबर २०१६ रोजी त्या कंपनीने आपल्या सेवा बंद केल्या. युरेका घेणाऱ्यांचे यंत्र धड, पण प्रणालीस वाली उरला नाही. जमीन आपली आणि पाणी शेजाऱ्याच्या विहिरीचे, अशी त्यांची गत झाली. त्याच सुमारास स्वयंसेवकांनी तो मजकूर उचलून लिनिएजओएस या नावाने पुढे चालविला. ती प्रणाली अद्यापि चालू आहे, फुकट आहे, व ज्या फोनासाठी ती कोणी मनापासून जोपासली आहे त्यावर चांगली चालते. मालकाने टाकून दिलेल्या यंत्रास जगात कोठे तरी बसून कोणी विनावेतन तेल घालीत असतो, याचे आम्हांस कौतुक वाटते.

तथापि शेतकऱ्याच्या मुख्य फोनावर ती घालावी असा सल्ला आम्ही देणार नाही. अशी प्रणाली बसवावयाची म्हणजे कुलूप उघडेच ठेवावे लागते, आणि गूगलची प्ले इंटिग्रिटी नावाची तपासणी तशा फोनास खात्रीचा मानीत नाही. बँकांची व यूपीआयची अनेक ॲपे तीच तपासणी मागतात व चालण्यास नकार देतात. आज चालले तरी उद्या आवृत्ती बदलताच चालेल याचा भरवसा नाही. कळमन्याच्या बाजारात संत्री किंवा तूर विकून पैसे खात्यात जमा झाले की नाही ते फोनावर पाहणाऱ्यास हे परवडावयाचे नाही. घरात दुसरा फोन असेल, तो कपाटात पडून असेल, तर मुलांनी त्यावर हा प्रयोग अवश्य करावा. हवामान पाहण्यास, पंपाजवळ ठेवण्यास व शिकण्यास तो उपयोगी पडेल.

हद्दीच्या दगडांविषयी लिहू असे वर म्हटले होते. आमच्या परिचयाच्या एका संत्रा बागाइतदाराने फोन एका दुकानी दिला. परत आला तेव्हा पडदा झकास चाले, परंतु सिम घातले तरी नेटवर्क येईना. *#०६# दाबले असता आयएमईआयच्या जागी नुसती शून्ये. प्रणाली भरताना कारागिराने सर्वच गट पुसले होते, व त्यात तो चिमुकला गटही गेला. एवढ्यावर न थांबता त्याने दुसऱ्या एका बंद फोनाचा क्रमांक यात घालून देतो असे सुचविले. सुदैवाने बागाइतदाराने ते ऐकले नाही. आयएमईआय बदलणे हा किरकोळ प्रकार नाही. दूरसंचार अधिनियम, २०२३ अन्वये अशा ओळख-क्रमांकात फेरफार करण्यास तीन वर्षांपर्यंत कैद व पन्नास लाख रुपयांपर्यंत दंड सांगितला आहे. सबब फोन दुकानात देण्यापूर्वी *#०६# दाबून दिसणारे क्रमांक, दोन सिमांचा फोन असल्यास दोन्ही, कागदावर उतरवून घ्यावे, पावतीवर लिहवून घ्यावे, आणि परत घेताना तेथेच उभे राहून ताडून पाहावे. जुना फोन विकत घेणाऱ्यानेही केवायएम ही अक्षरे व पुढे तो क्रमांक लिहून १४४२२ वर संदेश धाडावा, म्हणजे तो क्रमांक काळ्या यादीत आहे की काय ते समजते.

हे सर्व करावयाचे केव्हा, यासही महत्त्व आहे. खरिपाच्या पीक पाहणीची शेतकऱ्यांसाठीची मुदत सामान्यतः ऑगस्टच्या आरंभापासून सप्टेंबरच्या मध्यापर्यंत असते. कधी ती वाढवून मिळते, पण त्यावर विसंबू नये. त्या दिवसांत फोनास हात लावू नये. मृगापूर्वी, बियाण्यांची जुळवाजुळव चालू असते तेव्हाच एक दिवस काढावा. प्रणाली बसल्यावर बँकेच्या ॲपाची नोंदणी नव्याने करावी लागते, व ती खात्याशी जोडलेले सिम त्याच फोनात असताना होते; यूपीआयसाठी पिन आठवत नसल्यास डेबिट कार्डही जवळ हवे. पीक पाहणीच्या ॲपातही मोबाइल क्रमांक व खातेदार पुन्हा जोडावा लागतो. ही कामे गावातील नेटवर्काच्या जागी बसून उरकावी.

शेवटी फोन घेऊन शेतात जावे व एक छायाचित्र काढून पाहावे, परंतु पहिल्या दिवशी थोडा धीर धरावा. नव्याने साफ केलेल्या फोनास आकाशातील उपग्रह कोठे आहेत याची माहिती नसते. नेटवर्क असल्यास ती तो झटकन आणतो. नसल्यास ती उपग्रहांकडूनच ऐकून घ्यावी लागते, आणि जीपीएसचे उपग्रह आपले संपूर्ण पंचांग एकदा सांगावयास साडेबारा मिनिटे घेतात. तेव्हा स्थान चुकीचे दाखवितो म्हणून लगेच फोनास दोष न देता, संत्र्याच्या दाट बागेतून बाहेर येऊन उघड्या बांधावर उभे राहावे, फोनास वर आकाश दिसू द्यावे, आणि नकाशावरील ठिपका आपल्या गटात येऊन स्थिर झाला म्हणजे मग बटण दाबावे.